पाठकोऱ्या पत्रिकांचे सर

सोलापुरात मराठी, कानडी, तेलुगू आणि दखनी या चारही भाषांत एकमतानं वेडा ठरलेला माणूस आजवर एकच झाला, आणि तो आमच्या छापखान्याच्या वरच्या मजल्यावर भाड्यानं राहत होता. एरवी या चार भाषांच्या लोकांचं नळाच्या पाण्यापासून मिरवणुकीच्या वाटेपर्यंत कशावरही एकमत होत नसे. ते घडवून आणण्याचं श्रेय सरांचं. तसं पाहिलं तर सर अगदी साधे. कॉलेजात इंग्रजी शिकवत, बाराही महिने बंद गळ्याचा कोट घालत, कुणाला एकेरीत हाक मारत नसत आणि चहात साखर पडायची राहिली तरी तोंडातून ब्र काढत नसत. अशा माणसाला गावानं वेडा म्हणायचं तर काहीतरी भक्कम कारण लागतं. ते कारण अमेरिकेत होतं. मेक्सिकोच्या वंशाचे, घरी स्पॅनिश आणि बाहेर इंग्रजी बोलणारे जे लाखो लोक अमेरिकेत राहतात, त्यांच्या कविता, त्यांची गाणी, त्यांची रस्त्यावरची नाटकं यांचा अभ्यास सर करत होते. आणि तो सोलापुरात, आमच्या ट्रेडल मशीनच्या बरोबर डोक्यावर बसून करत होते. गल्ली त्यांना ‘अमेरिकावाले सर’ म्हणे. अमेरिका तर सोडाच, सर मुंबईच्या पुढं कधी गेले नव्हते.

बहात्तरच्या दुष्काळानंतरची ती वर्षं. कॉलेजच्या ग्रंथालयात अमेरिकेहून भेट आलेल्या पुस्तकांचं एक खोकं येऊन पडलं होतं. त्यात मक्याच्या रोगांवर, पुलांच्या बांधणीवर आणि कोंबड्यांच्या खाद्यावर जाडजूड ग्रंथ होते आणि अगदी तळाशी कवितांचं एक पातळ पुस्तक होतं. ग्रंथपालाला त्याचा वर्ग ठरवता येईना, म्हणून त्यानं ते कोंबड्यांशेजारी लावून टाकलं. सरांनी ते तिथून उचललं, उभ्या उभ्या चार पानं वाचली आणि तडक छापखान्यात येऊन मला म्हणाले, “मालक, ही माझी आत्या बोलतेय.” त्या कवितांत ओळ इंग्रजीत सुरू व्हायची आणि स्पॅनिशमध्ये संपायची. सरांची आत्या अक्कलकोटच्या पलीकडे राहायची आणि ती भांडण कानडीत काढून मराठीत मिटवायची. राज्यांच्या हद्दी आखल्या तेव्हा तिचं घर कर्नाटकात गेलं आणि गोठा महाराष्ट्रात राहिला. तेव्हापासून आत्याला धार काढायला परराज्यात जावं लागे. “त्या लोकांचंही असंच झालं,” सर सांगत. “ते कुठंच गेले नव्हते. ते आपल्या घरी होते आणि सरहद्द त्यांच्या दारावरून पुढं गेली.” सरांच्या लेखी टेक्सास आणि अक्कलकोट तालुका यांत फरक होता तो फक्त अंतराचा.

स्पॅनिश शिकायला सोलापुरात सोय नव्हती. सरांनी एक जुना शब्दकोश मिळवला आणि रेल्वे कॉलनीत व्हायोलिन शिकवणारे एक म्हातारे गोवेकर मास्तर गाठले. मास्तरांना पोर्तुगीज येत होतं. त्यांनी स्पष्ट सांगितलं की ही भाषा ती नव्हे, पण तिची मावसबहीण आहे. सरांना तेवढं पुरलं. वर्षभर दर रविवारी ते मावसबहिणीकडून शब्द आणत आणि शब्दकोशात पाहून थोरलीचे करून घेत. त्यातून त्यांची जी स्पॅनिश तयार झाली ती बरोबर होती की चूक हे सांगू शकेल असा माणूस पंचक्रोशीत नव्हता. दुसऱ्या कुणाला ही मोठी सोय वाटली असती. सरांना त्याचं मनापासून वाईट वाटे. आपली चूक काढायलाही कुणी नसावं, असं ते एकदा म्हणाले आणि बराच वेळ खिडकीतून गिरणीच्या चिमणीकडे पाहत बसले.

आता माझा आणि त्यांचा संबंध सांगतो. त्या काळात कागदाची भयंकर टंचाई होती. कॉलेजात प्राध्यापकाला महिन्याला मोजून कागद मिळत आणि सरांचं एक टिपण सुरू झालं की त्यात ते संपत. माझ्या छापखान्यात नव्वद टक्के काम लग्नपत्रिकांचं. पत्रिकेचा धंदा असा की दर लग्नामागं पन्नाससाठ पत्रिका वाया जातात. कुठं शाई पसरते, कुठं गणपती तिरका बसतो, कुठं नवऱ्यामुलाची पदवीच राहून जाते. या सगळ्या पत्रिका एका बाजूनं छापलेल्या आणि मागून कोऱ्या असत. सरांनी एक दिवस रद्दीच्या ढिगातून दहाबारा पाठकोऱ्या पत्रिका उचलल्या, त्यांच्या मागं बारीक अक्षरात टिपणं काढली आणि त्यांना साक्षात्कार झाला की संशोधनासाठी याहून उत्तम कार्ड जगात मिळणार नाही. तिथून पुढं त्यांचा सगळा अभ्यास लग्नपत्रिकांच्या पाठीवर झाला. पत्रिका बुटांच्या खोक्यांत उभ्या लावलेल्या असत. गल्लीतल्या लोकांनाही ठाऊक झालं. लग्न उरकलं की उरलेल्या पत्रिका आपोआप सरांच्या जिन्यात येऊन पडत.

याचे परिणाम असे झाले की कुणी लग्नाचं आमंत्रण घेऊन घरी आलं की सर पत्रिका हातात घेऊन आधी उलटी करून पाहत. मागची बाजू कोरी असली की त्यांचा चेहरा खुले आणि मग ते विचारत की लग्न कुणाचं. एका कंत्राटदारानं मुलाच्या लग्नाची पत्रिका गुळगुळीत कागदावर, दोन्ही बाजूंनी गुलाबाची फुलं छापून आणली होती. सरांनी ती बोटानं चाचपली आणि हळहळून म्हणाले, “लग्न छानच होईल. पण यावर शाई बसणार नाही.” कंत्राटदार तो अपशकुन समजून गेला. शिवाय सरांच्या टिपणांना दुसरी कुठली खूण नव्हती. ते लग्नांवरून लक्षात ठेवत. आतल्या खोलीत बसून ते पत्नीला, म्हणजे आमच्या वहिनींना, हाक मारत, “अहो, जरा ते पाटलांच्या धाकटीचं लग्न द्या.” त्यात शेतमजुरांच्या गाण्यांवर टिपण असे. आईच्या भाषेबद्दलच्या कविता भीमाशंकर सराफांच्या दोन्ही मुलांच्या एकत्र लग्नात होत्या. एका दिवाळीच्या साफसफाईत वहिनींनी मायेनं बसून सगळी खोकी मुहूर्ताच्या क्रमानं लावून दिली. सर दोन दिवस जेवले नाहीत. तिसऱ्या दिवशी म्हणाले की या क्रमातूनही काही नवे निष्कर्ष निघतायत, आणि जेवायला बसले.

पुस्तकं मिळत नसत तेव्हा सर गावात हिंडत. त्यांचं म्हणणं असं की दोन भाषांत जगणारा माणूस कोणत्या क्षणी या भाषेतून त्या भाषेत पाय टाकतो हे कळलं की त्या कविता कळल्या, आणि तो क्षण पाहायला सोलापूरइतकं गाव नाही. मंगळवार बाजारात ते भाजी न घेता दोन दोन तास उभे असत. एकदा पूर्व भागात नळावर एक विणकराची बायको आणि तिची मोमीन शेजारीण यांच्यात जुंपली होती. पहिली तेलुगूत सुरू झाली होती आणि रागाच्या भरात मराठीत आली. दुसरी दखनीतून उत्तर देत होती. नेमक्या त्या वळणावर सर कोटाच्या खिशातून पत्रिका काढून पुढं झाले आणि नम्रपणे म्हणाले, “बाई, ते शेवटचं वाक्य पुन्हा म्हणाल का? थोडं सावकाश.” दोघी एकदम त्यांच्याकडं वळल्या. मग शेजारीण म्हणाली, “ये कौन है गे? हमारा झगडा लिखरा.” पुढच्या मिनिटाला त्या दोघींची एकजूट झाली होती. सरांना रांगेत उभं करून त्यांनी सगळ्या घागरी भरून घेतल्या आणि घरापर्यंत पोचवायला लावल्या. कोट ओला करून सर परत आले ते नऊ पत्रिका भरून. असा फायद्याचा दिवस वर्षात आला नव्हता, असं ते मला म्हणाले.

हे सगळं कशासाठी, तर पीएच.डी.साठी. सरांनी विषय नोंदवला होता, आणि त्यांचे मार्गदर्शक एक वयोवृद्ध, शिस्तीचे प्राध्यापक होते. त्यांना सरांबद्दल माया होती, पण विषयाबद्दल शंका होती. साहित्य म्हणजे इंग्लंडचं. फार तर अमेरिकेतलं, पण शुद्ध इंग्रजीतलं. हे अर्धं अर्धं काय आहे? पाच वर्षं त्यांनी प्रकरणं वाचली, शुद्धलेखन सुधारलं, आणि शेवटी सांगितलं की परीक्षक मंडळी मला विचारतील, असा विषय मुळात आहे काय? तुम्ही एक करा. त्या देशातल्या एखाद्या जाणत्या प्राध्यापकाकडून लिहून आणा की हा अभ्यासाचा विषय आहे. ते पत्र आलं की मी सही करतो. नोंदणीची मुदत मार्चअखेर होती आणि ती एकदा वाढवून झाली होती. सरांचं सगळं त्या एका पत्रावर आलं. पदवी मिळाली तर ते विभागप्रमुख होणार होते, पण त्याचं त्यांना फार काही नव्हतं. आपण पाच वर्षं नसलेल्या गोष्टीचा अभ्यास करतोय की काय, ही धास्ती त्यांना खरी खात होती. ते मला तसं बोललेही.

त्या पातळ पुस्तकाला टेक्सासमधल्या एका प्राध्यापकांची प्रस्तावना होती आणि खाली कॉलेजचा पत्ता होता. सरांनी त्यांना लिहायचं ठरवलं. पण पाच वर्षांत त्यांची बुद्धी पत्रिकेच्या आकाराची झाली होती. साध्या कागदावर त्यांना सुचेना. तेव्हा त्यांनी एक चांगली जाड पत्रिका घेतली, तिच्या पाठीवर रेखीव इंग्रजीत आपली ओळख आणि प्रश्न लिहिला, पाकिटात घातली आणि विमानाच्या टपालानं पाठवून दिली. पुढच्या बाजूला काय छापलंय इकडं त्यांनी पाहिलं नाही. त्यांच्या दृष्टीनं पत्रिकेला पुढची बाजू नव्हतीच.

ती पत्रिका दुधनीच्या एका लग्नाची होती, आणि तिची एक कथा होती. चि. सौ. कां. महादेवी हिच्या लग्नाच्या तीनशे पत्रिका मी दोन वर्षांपूर्वी छापल्या होत्या आणि तीनशेच्या तीनशे परत आल्या होत्या, कारण त्यात मुलीच्या मामाचं नाव नव्हतं. प्रूफ मीच पाहिलं होतं. एक आख्खी ओळ गळाली ती मला दिसली नाही. मामांनी लग्नाला पाऊल टाकणार नाही असं जाहीर केलं, मला सगळ्या पत्रिका नव्यानं छापून द्याव्या लागल्या, आणि मामाविना असलेल्या त्या तीनशे पत्रिका सरांच्या चालू संशोधनाचा कणा झाल्या.

फेब्रुवारीच्या मध्याला पोस्टमन एक भलंमोठं पार्सल घेऊन आला. गल्ली गोळा झाली. वरती सरांचा पत्ता आणि त्याच्या वर ठळक अक्षरांत लिहिलेलं, ‘वधू महादेवीसाठी’. वहिनींनी ते वाचलं आणि फक्त एवढंच विचारलं, “ही महादेवी कोण?” सरांना खरंच माहीत नव्हतं. ते तसं म्हणालेही, आणि त्यामुळे परिस्थिती जास्तच बिघडली. पार्सल फोडलं तर आत लाल, काळ्या आणि पिवळ्या पट्ट्यांची हातमागावरची जाड लोकरी घोंगडी निघाली. सबंध देशाला चादरी पुरवणाऱ्या आमच्या गावात, उन्हाळ्याच्या तोंडावर, अमेरिकेहून घोंगडी आली होती. बघ्यांतल्या एका विणकरानं तिचा काठ उलटून पाहिला, वीण मोजली आणि हात चांगला आहे असा निर्वाळा दिला.

सोबत पत्र होतं. प्राध्यापकांनी लिहिलं होतं की तुमच्या मागच्या बाजूच्या प्रश्नाचं उत्तर मोठं आहे, ते सवडीनं लिहितो. पण लग्न काही सवडीनं होत नसतं, म्हणून आधी पुढच्या बाजूचं पाहिलं. त्यांच्याकडं शिकायला असलेल्या एका मराठी मुलानं पत्रिका वाचून दाखवली होती. त्याला वैशाख कळला, पण शक कुठला याचा हिशेब लागला नाही, म्हणून लग्न येत्या उन्हाळ्यातलंच असणार असं सगळ्यांनी धरलं. प्राध्यापकांची आई ऐंशीच्या घरातली, जन्मभर दुसऱ्यांच्या शेतात कापूस वेचलेली. तिनं पत्रिका हातात घेतली, गणपतीला हात लावला आणि सांगितलं की इतक्या लांबून कुणी आपल्याला लग्नाला बोलावलंय. जाता येत नसेल तर काहीतरी गेलंच पाहिजे. घोंगडी तिच्या स्वतःच्या आईनं विणलेली होती.

सर पत्र घेऊन मार्गदर्शकांकडे गेले. त्यांनी ते दोनदा वाचलं आणि व्यवहाराची गोष्ट सांगितली. मोठा माणूस तुमच्यावर प्रसन्न आहे. महादेवी तुमची पुतणी आहे असंच त्यांना समजू द्या, तिच्यातर्फे आभार माना, आणि त्याच पत्रात तेवढे चार शब्द तातडीनं मागून घ्या. दीड महिना हातात आहे, सहज होईल. सरांनी परत येऊन मला हे सांगितलं तेव्हा मीही म्हटलं, बरोबर आहे की, त्यात कुणाचं काय जातंय? सर कोटाची बटणं चाळवत राहिले. मग म्हणाले, “मालक, त्या म्हातारीनं आपल्या आईची वस्तू महादेवीला पाठवलीय. ती महादेवीकडं पोचल्याशिवाय मी कोणत्या तोंडानं काही मागू?” मी बराच वाद घातला. शेवटी रविवारी सकाळच्या पॅसेंजरनं सर, मी आणि घोंगडी असे तिघं दुधनीला निघालो.

महादेवीचं सासर गावातच, आडतीच्या पेठेत होतं. “बर्री, कूड्री,” या, बसा म्हणून सासूबाईंनी आत घेतलं, गूळपाणी दिलं. महादेवी सहा महिन्यांचं मूल कडेवर घेऊन बाहेर आली. सरांनी उभं राहून, वर्गात सांगावं तसं, सगळं पहिल्यापासून सांगितलं. कुणाला काही कळलं नाही. मग सरांनी तेच अर्धं कानडीत, अर्धं मराठीत, आत्याच्या पद्धतीनं सांगितलं आणि सगळ्यांना सगळं कळलं. महादेवीनं घोंगडी जमिनीवर अंथरली आणि मूल तिच्यावर सोडलं. ते पिवळ्या पट्ट्यावरून रांगत काळ्यावर गेलं. इथवर सगळं सुरेख चाललं होतं. तेवढ्यात मामांना निरोप गेला होता ते आले.

मामांनी घोंगडी पाहिली, कौतुक केलं आणि विचारलं की त्या लोकांना पत्रिका कुठली गेली. मी सरांच्या कोटाची बाही ओढली. पण सरांना खोटं बोलायची सवय नव्हती. ‘जी परत आली होती तीच,’ असं ते सरळ म्हणाले. मामा खाली बसले. पटका काढून मांडीवर ठेवला. मी ओरडा ऐकायच्या तयारीत होतो, पण मामांचा आवाज चढला नाही.

“हितल्या लोकास्नी ठावं हाय की मी हाय,” मामा म्हणाले. “पत्रिकेत नाव न्हाय आलं तरी लग्नात मी दिसतोच की. पर तितल्या म्हातारीला कोन सांगनार? तिला वाटंल, पोरीला मामाच न्हाय.”

सरांनी हात जोडले आणि म्हणाले, “तुमचं बरोबर आहे.” मग त्यांनी कबूल केलं की मामाचं नाव असलेली पत्रिका अमेरिकेला जाईल, आणि ती गेल्याशिवाय या बाबतीत दुसरं पत्र जाणार नाही. महादेवीनं म्हातारीला चार ओळी सांगितल्या. सरांनी त्या जशाच्या तशा उतरवून घेतल्या. “आजी, हितं ऊन लई हाय, पर मी घोंगडी ठिवून देनार न्हाय. बाळ त्याच्यावरच निजतंय. आमी लग्न झालं म्हनून सांगाय उशीर केला, राग धरू नका.” मधे मधे तिनं कानडी शब्द घातले होते, तेही त्यांनी तसेच ठेवले. गाडीत बसल्यावर सर मला म्हणाले की माझ्याकडं हजारभर पत्रिका भरून पडल्यात, पण मामा बोलले ते वाक्य त्यांत कुठं नव्हतं. निघताना मिळालेली शेंगाचटणीची पुडी त्यांनी अक्कलकोट रोड येईपर्यंत छातीशी धरून ठेवली होती.

आता पुढचं मला सांगायला जड जातं. नवी पत्रिका मी छापून द्यायची होती. खुद्द मामांकडची जपून ठेवलेली प्रत त्यांना हातची सोडायची नव्हती आणि माझ्याकडची खिळ्यांची जुळणी केव्हाच मोडली होती. ऐन लग्नसराई. पाचपाचशेच्या ऑर्डरी पडलेल्या. एका पत्रिकेचं काम कोण आधी घेतो? मी ‘उद्या करतो’ म्हणालो. दुसऱ्या दिवशीही ‘उद्या करतो’ म्हणालो. सर रोज संध्याकाळी जिना उतरताना मशीनकडं एक नजर टाकत आणि फिरायला जात. तगादा लावणं त्यांच्या स्वभावात नव्हतं. पाचव्या दिवशी मी ती पत्रिका छापली. मामाचं नाव नवरीच्या नावाएवढ्या टायपात घेतलं. सरांनी तिच्या पाठीवर सगळं खरं खरं लिहिलं, की हे लग्न दोन वर्षांपूर्वी झालं, महादेवी माझी कुणी नाही, आणि मला मात्र तुमचे चार शब्द हवे आहेत. महादेवीचं पत्र, खाली त्याचं भाषांतर आणि ही पत्रिका असं पाकीट गेलं तेव्हा चार दिवस वाया गेले होते आणि ते चारही माझे होते.

उत्तर आलं ते मुदत संपल्यावर तिसऱ्या दिवशी.

पोस्टमननं पत्र माझ्याच हातात दिलं. मी ते घेऊन वर गेलो, तेव्हा सर खोक्यांवरची धूळ झटकत होते. त्यांनी पाकीट उघडून उभ्यानंच वाचलं. म्हातारी मामाच्या गोष्टीवर खूप हसली होती आणि मग तिला स्वतःचं आठवलं होतं. तिलाही एक भाऊ होता, सरहद्दीच्या पलीकडं राहिलेला. मामाच्या नावाची पत्रिका तिनं आपल्या देवाच्या तसबिरीशेजारी लावली होती. ‘लग्न झालं ना, मग कधी का होईना,’ असं तिनं कळवलं होतं. दुसऱ्या कागदावर, कॉलेजच्या शिक्क्यासह, सरांना हवं होतं ते पत्र होतं. त्यात प्राध्यापकांनी लिहिलं होतं की मलाही इथं हाच प्रश्न विचारतात. सबब मी खात्रीनं सांगतो की हा विषय आहे; सध्या तो सांभाळायला माझ्या माहितीत तिकडं तुम्ही आणि इकडं मी असे दोघे आहोत.

मार्गदर्शकांना वाईट वाटलं, त्यांनी शब्दही टाकला, पण नोंदणी रद्द झाली ती झालीच. नव्यानं नोंदवायला सरांना त्यांनी सुचवलं. सर नको म्हणाले. मी त्यांच्यापुढं जाऊन माफी मागितली, तेव्हा त्यांना क्षणभर मी कशाबद्दल बोलतोय हेच कळेना. मग म्हणाले, “मालक, मला विचारायचं होतं ते मी विचारलं. विषय आहे म्हणून कळलं.” ते त्यांनी माझं मन राखायला म्हटलं असेल. मला आजही त्यानं बरं वाटत नाही. पण त्यानंतर ते धास्तावलेले मला कधी दिसले नाहीत, हेही खरं. प्राध्यापकांचा कागद त्यांनी काच लावून भिंतीवर टांगला आणि पुढं निवृत्तीपर्यंत आणि निवृत्तीनंतरही पत्रिका भरत राहिले. टेक्सासशी पत्रव्यवहार चालूच राहिला; सगळा पाठकोऱ्या पत्रिकांवर. दर पत्रिका पाठवण्यापूर्वी ते आता पुढची बाजूही वाचून घेत, आणि मामाचं नाव आहे ना ते पाहत. दुधनीहून दर संक्रांतीला चटणी आणि कडक भाकरी येई. पूर्व भागातल्या नळावरच्या त्या दोघी त्यांना ‘डॉक्टर’ म्हणू लागल्या होत्या. त्या कधी कधी औषध विचारायला येत आणि सर त्यांना गरम पाणी प्यायला सांगत.

सर जाऊन आता बरीच वर्षं झाली. वहिनी मुलीकडं गेल्या, खोकी त्यांच्याबरोबर गेली. मागच्या वैशाखात माझ्या नातीचं लग्न ठरलं. छापखाना आता मुलगा बघतो; त्यानं विचारलं, पत्रिका किती काढायच्या? मी सवयीनं म्हणालो, चारशे, आणि वर सरांच्या पन्नास. तो माझ्याकडं पाहत राहिला. मग त्यानं साडेचारशे छापल्या, मागची बाजू कोरी ठेवून. प्रूफ मी स्वतः पाहिलं, मामाच्या नावाशी तीनदा थांबून. लग्न झालं, पाहुणे गेले आणि त्या पन्नास पत्रिका माझ्या टेबलावर राहिल्या. जिन्यात नेऊन ठेवाव्यात तर वर कुणी नव्हतं. म्हणून हे सगळं मी त्यांच्याच पाठीवर लिहून काढलं. त्रेचाळीस लागल्या. उरलेल्या सात तशाच ठेवल्या आहेत.